वरच्या थरातील पैठण

हैदराबाद संस्थानात १९१४ साली पुरातत्त्व खाते स्थापन झाले. त्याचे पहिले संचालक गुलाम यझदानी यांचे नाव अजिंठ्याच्या चित्रांवरील ग्रंथांमुळे वाचकांस परिचित आहे. पैठण तेव्हा याच संस्थानात होते. तेथे १९३७ च्या सुमारास यझदानींनी उत्खनन केले. पुढे हैदराबादजवळील कोंडापूर येथेही कुदळ लागली. ओढ होती ती सातवाहनांची, आणि ती स्वाभाविकच म्हणावी लागेल. परंतु सातवाहनांपर्यंत पोचावयाचे तर वर साचलेले मध्ययुगीन थर आधी खणावे लागतात. आपल्याकडे या थरांची विचारपूस फारच थोडी झाली.

यादवकालीन पैठण आपणांस भेटते ते ग्रंथांतून. म्हाइंभटांनी १२७८ च्या सुमारास सिद्ध केलेल्या लीळाचरित्रात चक्रधरस्वामींच्या तेथील वास्तव्याच्या लीळा आहेत. भाषा जिवंत, माणसे जिवंत. मात्र त्या माणसांच्या घराला, चुलीला मातीची साक्ष जवळजवळ नाही.

ग्रंथाला मातीची साक्ष मिळते कशी, ते पाहण्यासाठी थेट ग्रीनलंडला जावे लागते. दहाव्या शतकाच्या अखेरीस आइसलंडहून गेलेले नॉर्स शेतकरी त्या हिमप्रदेशात वसले आणि पंधराव्या शतकात त्यांची वस्ती उजाड झाली. त्यांचा पुढारी एरिक याची पत्नी थ्योडहिल्ड हिने लहानसे चर्च बांधले, असे आइसलंडच्या जुन्या गद्यकथा सांगत. १९६१ मध्ये एका इमारतीसाठी खणताना एरिकच्या गावीच गवताळ ढेपांच्या भिंतींचे चिमुकले चर्च आणि भोवतीच्या कबरी उघड्या पडल्या. ते तिचेच, असे सामान्यतः मानले जाते. त्यापूर्वी, १९२१ साली, दुसऱ्या एका गोठलेल्या दफनभूमीतून मध्ययुगीन झगे व टोपडीही मिळाली होती. हाडांच्या रासायनिक परीक्षणाने तर या गोपालकांचे अन्न हळूहळू सीलच्या मांसाकडे कसे वळले, तेही उलगडले.

गोदाकाठच्या मातीत वस्त्रे टिकावयाची नाहीत, पैठणी तर नाहीच नाही! पण खापरे, बांगड्यांचे तुकडे, हाडे, जळके धान्य टिकते. १९९० च्या दशकात डेरेक केनेट आणि त्यांच्या भारतीय सहकाऱ्यांनी पैठणला पुन्हा उत्खनन केले, तेव्हा पूर्वमध्ययुगीन थरही बारकाईने तपासले. त्याचा सविस्तर अहवाल २०२० मध्ये निघाला. ग्रीनलंडची ती शेते ओस पडली म्हणून जपली गेली. पैठण नांदते गाव आहे. तेथे नव्या घराचा पाया खणताना सर्वांत आधी उपसला जातो तो वरचाच थर.