शिक्षेचे माप कोणाच्या हाती?

विभागीय चौकशीच्या फायली हाताळताना एक गोष्ट मला नेहमी खटकत आली आहे. साक्षीपुरावा शंभर पानांचा आणि शिक्षेची कारणमीमांसा जेमतेम दोन ओळींची!

कारखान्यांत तर एके काळी शिक्षेचे माप मालकाच्याच हाती असे. इंडियन आयर्न अँड स्टील खटल्यात १९५७ साली सर्वोच्च न्यायालयाने औद्योगिक न्यायाधिकरणांना मर्यादा आखून दिली: मालकाचा हेतू अप्रामाणिक असेल, सूडबुद्धी असेल, नैसर्गिक न्याय डावलला असेल वा निष्कर्ष निराधार असेल, तरच हस्तक्षेप. चौकशी निर्दोष ठरली की कठोर बडतर्फीही सहसा टिकून राही.

१५ डिसेंबर १९७१ पासून औद्योगिक विवाद कायद्यात कलम ११-अ आले. न्यायाधिकरण आता पुरावा स्वतः तोलू शकत होते, बडतर्फीऐवजी सौम्य शिक्षा देऊ शकत होते. फायरस्टोन निकालाने (१९७३) त्यावर शिक्कामोर्तब केले. मात्र चौकशी सदोष ठरल्यास न्यायाधिकरणापुढे नव्याने पुरावा देण्याची मालकाची मुभाही राखली.

गंमत अशी की, आम्हा सरकारी नोकरांना हे कवच लाभले नाही. बी. सी. चतुर्वेदी निकालानुसार (१९९५) शिक्षा न्यायबुद्धीला धक्का देणारी असेल, तरच न्यायालय तीत हात घालते. म्हणूनच बडतर्फीच्या आदेशावर मी त्याच दिवशी सही करीत नाही.