परळचे दोन दगड

लालबाग-परळ म्हटले की डोळ्यांपुढे गिरणी उभी राहते. मुंबईतली पहिली कापडगिरणी 1856 मध्ये ताडदेवला चालू झाली; त्याआधी या बाजूला खाडी, चिखल आणि माडांची राई, याखेरीज काही असेल असे आमच्या घरात कधी कोणाला वाटले नाही. भोंग्याच्या अलीकडचा इतिहास आम्हांला ठाऊकच नव्हता. पुढे मास्तर झालो, मुलांना सनावळ्या पाठ करायला लावू लागलो, आणि तेव्हा कळले की पहिल्या गिरणीच्याही पावणेसातशे वर्षे आधीचा एक लेख आपल्या परळात सापडलेला आहे.

तो इ. स. 1187 चा. ठाण्याहून राज्य करणाऱ्या उत्तर कोकणच्या शिलाहारांपैकी दुसरा अपरादित्य हा तेव्हा राजा. वैद्यनाथ देवासाठी दिलेल्या दानाचा हा शिलालेख. (परळ हे नावच परळी वैजनाथावरून पडले असे जुनी माणसे सांगत, कोणी ते पाडळीच्या झाडाकडे नेतात. मी या भांडणात पडत नाही.) लेख संस्कृतात आहे, पण शेवटी लिहिणाऱ्याने एकाएकी भाषा बदलली आहे. जो कोणी हे शासन मोडील त्याच्यावर, त्याच्या कुटुंबासकट, वैद्यनाथाचा कोप होईल, हे त्याने मराठीत सांगितले आहे. आणि पाठोपाठ त्याच्या आईचा उद्धार केला आहे. तो दिवाळी अंकात छापण्याजोगा नाही.

अशा शापाच्या दगडाला गधेगाळ म्हणतात. बहुधा वर सूर्यचंद्र कोरलेले असतात, म्हणजे ते आहेत तोवर हे दान चालावे, मधे लेख, आणि खाली गाढवाचे असे चित्र, की मुले बरोबर असली म्हणजे मला पुढचा दगड दाखवण्याची घाई होते. मला मौज वाटते ती लिहिणाऱ्याच्या व्यवहारज्ञानाची. दानाचा तपशील पंडितांसाठी, तो संस्कृतात. धाक मात्र गावकऱ्याला घालायचा, तेव्हा तो त्याच्याच बोलीत. आणि ज्याला अक्षरच येत नाही त्याच्यासाठी चित्र. दस्तऐवजाला याहून भक्कम कुलूप ते काय असणार?

कुलूप टिकले, पेटी गेली. शिलाहार गेले, यादव आले नि गेले; 1534 मध्ये पोर्तुगिजांकडे आणि 1661 च्या तहाने इंग्रजांकडे मुंबई गेली. वैद्यनाथाचे ते दान केव्हाच बुडाले. ज्यांनी ते बुडवले त्यांना मराठी वाचता येत नव्हते, एवढाच काय तो शापाचा दोष!

दुसऱ्या दगडाची तऱ्हा उलटी. 1931 साली परळ-शिवडीच्या बाजूला रस्त्याचे काम चालले असता जमिनीतून एक प्रचंड शिल्प निघाले. उंची सुमारे साडेअकरा फूट. मधोमध शिव उभा, त्याच्या पाठीमागून दुसरा उगवतो, दुसऱ्याच्या मागून तिसरा. आणि दोन्ही अंगांना फांद्या फुटाव्यात तशा आणखी चार मूर्ती. एकूण सात. पायाशी वाद्ये घेतलेले गण. जाणकार हे काम पाचव्या-सहाव्या शतकातले मानतात. एक अक्षरही त्यावर कोरलेले नाही. कोणी घडवले, कोणासाठी, ही सात रूपे म्हणजे काय, हे दगड सांगत नाही. कोणी सात स्वरांशी त्याचे नाते लावले. मला ते गोड वाटते, पण गोड म्हणून खरे मानता येत नाही.

तरी आज पूजा कोणाची होते? या मुक्या दगडाची. शिल्प संग्रहालयाकडे न जाता परळच्या बारादेवी मंदिराच्या आवारातच राहिले आणि गावकीचा देव झाले. संग्रहालयात त्याचा साचा आहे. ज्याने सगळे लिहून ठेवले त्याचा देव विस्मृतीत गेला, आणि ज्याने काहीच लिहिले नाही त्याला रोज फूल मिळते आहे. मास्तराच्या तोंडी हे बोलणे शोभत नाही, पण लिहून ठेवले की राखले गेले, हा माझा जुना समज या दोन दगडांनी हलवला.

धास्ती वाटते ती वेगळ्याच गोष्टीची. 1982 च्या संपानंतर एकामागून एक गिरण्या बंद पडल्या. त्यांच्या जागी मनोरे उठले आणि त्यांच्या पायासाठी जमीन पूर्वी कधी नव्हती इतकी खोल खणली जाते आहे. माणसाच्या हातची पहार दगडाला लागली की आवाज होतो, माणूस वाकून बघतो. यंत्र वाकत नाही. बातमी मात्र अजून एकही माझ्या कानी आलेली नाही. निघालेच नाही, की कोणी पाहिलेच नाही?

गेल्या महाशिवरात्रीला सातवीतल्या पाचसहा मुलांना बारादेवीला घेऊन गेलो होतो. एकजण बराच वेळ शिल्पाच्या खालच्या भागाकडे टक लावून होता. तिथले काम अर्धवट राहिले आहे. बाहेर आल्यावर म्हणाला, "सर, कारागीर उद्या येतो म्हणून गेला असेल."