गेटवे ऑफ इंडिया

मुंबईच्या दक्षिण टोकाला, अपोलो बंदरावर (पालवा बंदर) समुद्राकडे तोंड करून उभी असलेली स्मारक-कमान. इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज व राणी मेरी यांच्या डिसेंबर १९११ मधील मुंबई भेटीच्या स्मरणार्थ ती उभारण्यात आली.

३१ मार्च १९१३ रोजी गव्हर्नर सर जॉर्ज सिडनहॅम क्लार्क यांनी पायाभरणी केली. वास्तुविशारद जॉर्ज विटेट यांच्या आराखड्याला १९१४ मध्ये मंजुरी मिळाली. त्यानंतर भराव घालून समुद्राकाठी जागा तयार करण्यात आली आणि १९२४ मध्ये बांधकाम पुरे झाले. ४ डिसेंबर १९२४ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड रीडिंग यांच्या हस्ते उद्‌घाटन झाले. पिवळसर बेसाल्ट व काँक्रीट वापरलेल्या या वास्तूची उंची सुमारे २६ मीटर आहे. तिच्यावर सोळाव्या शतकातील गुजराती वास्तुशैलीची छाप असून दगडी जाळीकाम विशेष देखणे आहे.

सत्तेच्या गौरवासाठी बांधलेल्या या कमानीतूनच २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश फौजेची अखेरची तुकडी, सॉमरसेट लाइट इन्फन्ट्री, मायदेशी परतली. या घटनेने वास्तूचा अर्थच पालटला. समोरच्या उद्यानात छत्रपती शिवाजी महाराजांचा अश्वारूढ पुतळा उभा राहिला. २५ ऑगस्ट २००३ रोजी या परिसरात बाँबस्फोट झाला. २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबईवरील दहशतवादी हल्ल्यानंतर हजारो मुंबईकर शोक व संताप व्यक्त करण्यासाठी येथेच जमले. घारापुरीच्या लेण्यांकडे जाणाऱ्या लाँच येथूनच सुटतात.