मारहाणीत मृत्यू झाला तर तो खून की सदोष मनुष्यवध? कायदा काय सांगतो?

बीड जिल्ह्यातल्या केज तालुक्यातील मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांचं ९ डिसेंबर २०२४ रोजी अपहरण झालं आणि त्याच दिवशी त्यांचा मृतदेह सापडला. त्यांना अमानुष मारहाण झाल्याचं तपासात समोर आलं. मार्च २०२५ मध्ये या मारहाणीचे फोटो बाहेर आल्यानंतर राज्यभर संताप उसळला आणि ४ मार्चला धनंजय मुंडे यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला.

अशा प्रत्येक प्रकरणात एक प्रश्न विचारला जातो: आरोपी म्हणाले की ‘मारायचं नव्हतं, फक्त धडा शिकवायचा होता’, तर ते खुनाच्या कलमातून सुटतात का?

एकाच प्रकरणात वेगवेगळे गुन्हे

तपास यंत्रणेच्या म्हणण्यानुसार, या घटनेची सुरुवात पवनचक्की कंपनीकडे मागितलेल्या २ कोटींच्या खंडणीपासून झाली. ६ डिसेंबरला प्रकल्पाच्या जागेवर सुरक्षारक्षकाला मारहाण झाली आणि देशमुख मध्ये पडले. तीन दिवसांनी त्यांची हत्या झाली. खंडणी, मारहाण आणि हत्या हे तीन वेगळे गुन्हे आहेत. सीआयडीने ते एकमेकांशी जोडून आरोपपत्र दाखल केलं आणि मकोकाही लावला. हे आरोप न्यायालयात सिद्ध करण्याची जबाबदारी सरकार पक्षाची असते.

मारहाणीची कलमं कोणती?

१ जुलै २०२४ पासून देशात भारतीय न्याय संहिता लागू आहे. त्यानुसार:

• साधी दुखापत: कलम ११५(२), एक वर्षापर्यंत कैद.
• गंभीर दुखापत: कलम ११७(२), सात वर्षांपर्यंत कैद. हाड मोडणं, दात पडणं, डोळा किंवा कान कायमचा निकामी होणं, १५ दिवस तीव्र वेदना होणं वगैरे यात येतं. जुन्या कायद्यात ही मुदत २० दिवसांची होती.
• खुनाचा प्रयत्न: कलम १०९ (जुनं ३०७), दहा वर्षांपर्यंत कैद. हल्ल्यात दुखापत झाली तर जन्मठेपही होऊ शकते.

मृत्यू झाला तर?

• खून: कलम १०३ (जुनं ३०२). फाशी किंवा जन्मठेप.
• खून न ठरणारा सदोष मनुष्यवध: कलम १०५ (जुनं ३०४). उद्देश असेल तर जन्मठेप किंवा पाच ते दहा वर्षं कैद. मृत्यू होऊ शकतो एवढी फक्त जाणीव असेल तर दहा वर्षांपर्यंत कैद आणि दंड.
• निष्काळजीपणाने मृत्यू: कलम १०६. साधारणपणे पाच वर्षांपर्यंत कैद.

‘धडा शिकवायचा होता’ हा बचाव टिकतो का?

नेहमी टिकत नाही. खून ठरण्यासाठी ‘जीवच घ्यायचा होता’ हे सिद्ध करावंच लागतं असं नाही. आरोपीला जी इजा करायची होती, ती सर्वसाधारणपणे जीव घेण्याइतकी असेल, तरी तो खून ठरतो. सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्ये विरसा सिंग खटल्यात हेच स्पष्ट केलं. त्यात पोटात भाल्याचा एकच वार होता.

त्यामुळे न्यायालय पुढच्या गोष्टी पाहतं: हत्यार कोणतं, वार शरीरावर कुठे आणि किती, मारहाण किती वेळ चालली, आधी तयारी केली होती का. भांडणात एकदा ढकलल्यावर कुणी पडून दगावलं आणि एखाद्याला उचलून नेऊन हत्यारांनी बराच वेळ मारलं, या दोन घटनांकडे कायदा एकाच नजरेने पाहत नाही.

सूट कधी मिळते?

अचानक आणि गंभीर चिथावणी, स्वसंरक्षणाची मर्यादा ओलांडणं, पूर्वतयारीशिवाय अचानक झालेलं भांडण अशा अपवादांत खून सदोष मनुष्यवधात बदलतो. पण राग शांत व्हायला वेळ मिळाला असेल तर चिथावणीचा बचाव चालत नाही. १९५९ च्या मुंबईतल्या नानावटी प्रकरणात ज्युरीने आरोपीला निर्दोष ठरवलं होतं. उच्च न्यायालयाने मात्र जन्मठेप दिली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम ठेवली. पत्नीच्या कबुलीनंतर त्यांनी जहाजावर जाऊन पिस्तूल आणलं होतं. मधला वेळ बचावाच्या आड आला.

प्रत्यक्ष न मारणाऱ्यांचं काय?

सर्वांचा इरादा एकच असेल तर कलम ३(५) नुसार प्रत्येकजण त्या कृत्याला स्वतः केल्यासारखाच जबाबदार असतो. कट रचणाऱ्यांसाठी कलम ६१ आहे. ‘मी हात लावला नाही’ एवढं सांगून सुटका होत नाही.

एफआयआरमधलं कलम अंतिम असतं का?

नाही. जखमी व्यक्ती दगावली तर मारहाणीच्या गुन्ह्यात खुनाचं कलम वाढवता येतं. शवविच्छेदन अहवालानंतरही कलमं बदलू शकतात. आरोप न्यायालय निश्चित करतं आणि खून सिद्ध झाला नाही तर कमी गंभीर कलमाखाली शिक्षा देऊ शकतं. म्हणूनच पहिल्या नोंदीत नेमकं काय लिहिलंय हे पाहणं कुटुंबासाठी महत्त्वाचं आहे. एफआयआरची प्रत फिर्यादीला किंवा पीडिताला मोफत मिळते. तो कायदेशीर हक्क आहे.