लिबयूएसबी

लिबयूएसबी ही यूएसबी उपकरणांशी संवाद साधण्यासाठी वापरली जाणारी मुक्त स्रोत सॉफ्टवेअर लायब्ररी आहे. ती सी भाषेत लिहिलेली असून लिनक्स, मॅकओएस, विंडोज, अँड्रॉइड इत्यादी संचालन प्रणालींवर चालते. अनेक आज्ञावली ही एकच लायब्ररी सामायिकपणे वापरत असल्यामुळे संवादाची मूलभूत यंत्रणा प्रत्येकीसाठी नव्याने लिहावी लागत नाही.

पार्श्वभूमी

उपकरणांशी संवाद साधण्याचे काम सामान्यतः संचालन प्रणालीच्या गाभ्यातील, म्हणजे कर्नलमधील, ड्रायव्हर करतो. असा ड्रायव्हर प्रत्येक प्रणालीसाठी वेगळा लिहावा लागतो आणि त्यातील एखाद्या चुकीमुळे संपूर्ण संगणक बंद पडू शकतो. लिबयूएसबी वापरणारी आज्ञावली कर्नलबाहेर चालते. तीत चूक राहिल्यास बहुधा तेवढी आज्ञावलीच थांबते.

कार्यपद्धती

प्रत्येक यूएसबी उपकरणात उत्पादक व उत्पादन दर्शविणारे १६ बिटांचे दोन क्रमांक नोंदलेले असतात. त्यांवरून आज्ञावली हवे ते उपकरण शोधते, ते उघडते, त्याच्या एखाद्या इंटरफेसचा ताबा घेते आणि मग माहितीची देवाणघेवाण करते. ही देवाणघेवाण चार प्रकारची असते. उपकरणाची ओळख व मांडणी कंट्रोल प्रकाराने होते. स्कॅन केलेल्या चित्रासारखी मोठी माहिती बल्क प्रकाराने, तर कळफलकाची अल्प पण तातडीची माहिती इंटरप्ट प्रकाराने जाते. ध्वनी व चलचित्र यांसाठी आयसोक्रोनस प्रकार असून त्यात वेळ पाळण्याला महत्त्व असते. हरवलेली माहिती पुन्हा पाठवली जात नाही.

लायब्ररी केवळ माहिती पोहोचवते. त्या माहितीचा अर्थ लावणे आज्ञावलीवर सोपवलेले असते.

इतिहास

लायब्ररीची सुरुवात योहानेस एर्डफेल्ट यांनी केली. ०.१ या जुन्या मालिकेत देवाणघेवाण पूर्ण होईपर्यंत आज्ञावलीला थांबून राहावे लागे. डॅनियल ड्रेक यांनी नव्याने रचलेली १.० ही आवृत्ती डिसेंबर २००८ मध्ये प्रसिद्ध झाली. तीत न थांबता इतर काम चालू ठेवण्याची सोय आली.

२०१० नंतर जवळपास दोन वर्षे नवी आवृत्ती निघाली नाही. दुरुस्त्या तयार असूनही त्या वापरकर्त्यांपर्यंत पोहोचत नसल्यामुळे २०१२ मध्ये काही योगदानकर्त्यांनी लिबयूएसबीएक्स ही स्वतंत्र शाखा काढली. २०१४ मध्ये ती मूळ प्रकल्पात विलीन झाली. अशी शाखा काढणे मुक्त परवान्यामुळेच शक्य झाले.

उपयोग

स्कॅनरसाठीची सेन प्रणाली, एव्हीआर मायक्रोकंट्रोलरमध्ये आज्ञावली भरणारे एव्हीआरड्यूड आणि मायक्रोकंट्रोलरवरील आज्ञावलीतील दोष शोधण्यास साहाय्य करणारे ओपनओसीडी ही साधने लिबयूएसबीचा वापर करतात.

मर्यादा

लिनक्सवर सामान्य वापरकर्त्याला उपकरणात लिहिण्याची परवानगी बहुधा नसते. ती यूडेव्ह नियमाद्वारे द्यावी लागते. विंडोजवर उपकरणाला सहसा विनयूएसबी ड्रायव्हर जोडावा लागतो. हा बदल करताना चुकून कळफलक किंवा माउस निवडला गेल्यास, मूळ ड्रायव्हर परत बसवेपर्यंत ते उपकरण नेहमीच्या कामासाठी निरुपयोगी ठरते.

परवाना

लिबयूएसबी एलजीपीएल २.१ किंवा त्यानंतरच्या परवान्याखाली उपलब्ध आहे. व्यावसायिक आज्ञावलींनाही परवान्याच्या अटी पाळून ती वापरता येते; मात्र लायब्ररीत बदल करून ती वितरित केल्यास बदललेला स्रोत त्याच परवान्याखाली उपलब्ध करून द्यावा लागतो.