पुण्यातली एक कारकीर्द: स्वतंत्र चित्रपटाच्या अभ्यासाकडे

स्वतंत्र चित्रपटाची चर्चा आपल्याकडे बहुधा शैलीपाशी सुरू होते आणि तिथेच संपते. दिग्दर्शकाची कारकीर्द मात्र तेवढ्याने कळत नाही. पैसा कुणी दिला, विषय कुठून आला, चित्रपट पुरा झाल्यावर तो कुणापर्यंत पोचला, हेही विचारावं लागतं. या अभ्यासात नव्याने येणाऱ्यांनी सुरुवातीला एकच कारकीर्द घ्यावी आणि नीट पाहावी. माझी शिफारस सुमित्रा भावे यांची.

भावे (१९४३–२०२१) मुळात समाजशास्त्राच्या संशोधक. पुण्यात 'स्त्रीवाणी' या उपक्रमासाठी काम करताना दलित स्त्रियांच्या जीवनकथा त्यांनी नोंदवल्या. पण ज्यांच्याविषयी हे लिहायचं, त्यातल्या अनेकींना ते वाचता येणार नव्हतं. या अडचणीतून १९८५ साली 'बाई' हा लघुपट झाला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, हे खरं. पण पुरस्कारांच्या यादीवरून कारकीर्द लिहिण्याची आपली सवय मला फसवी वाटते. संशोधन ज्यांच्याविषयी आहे त्यांच्यापर्यंत ते न्यायचं, ही त्यांची गरज होती आणि कॅमेरा त्यापायी हाती आला.

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून दिग्दर्शन शिकलेले सुनील सुकथनकर त्यांचे सहदिग्दर्शक. 'दोघी' (१९९५) पासून पुढचे बहुतेक कथापट या जोडीचे. त्यांत संशोधकाची नजर सुटलेली नाही: 'देवराई'त स्किझोफ्रेनिया, 'नितळ'मध्ये कोड, 'एक कप च्या'मध्ये वाजवीपेक्षा फुगलेलं वीजबिल आणि माहितीचा अधिकार. अशी यादी वाचून हे प्रचारपट असावेत असं वाटेल. तसं वाटत असेल तर 'अस्तु' पाहावा. स्मृतिभ्रंश झालेला संस्कृत पंडित एका हत्तीच्या मागे निघून जातो. घरचे त्याला शोधत असतात आणि माहुताची बायको त्याला लेकरासारखं सांभाळते. आजाराची माहिती द्यायला एवढ्या उठाठेवीची गरज नव्हती.

'अस्तु' २०१३ मध्ये तयार होता. चित्रपटगृहांत तो आला २०१६ मध्ये. पुढे 'कासव'ला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं सुवर्णकमळ जाहीर झालं, तरी त्यालाही पडद्यावर यायला काही महिने लागलेच. मधल्या काळाचं काय? अभिनेते आणि मानसोपचारतज्ज्ञ डॉ. मोहन आगाशे या दोन्ही चित्रपटांच्या निर्मितीत होते; चित्रपट दाखवायचा आणि मग प्रेक्षकांशी त्यावर बोलायचं, असे खेळ ते करत आले. तिकीटखिडकीच्या आकड्यांत या प्रेक्षकांची मोजदाद होत नाही, आणि आपल्या चित्रपट-इतिहासात तर मुळीच नाही.

म्हणून वाचकांना विनंती, की चित्रपटांबरोबर हे खेळही अभ्यासाचा भाग माना. कुठे झाले, कुणी बोलावलं, चर्चेत कोण उठून काय बोललं, याच्या आठवणी सांगणारी माणसं अजून पुण्यात आणि बाहेरही भेटतील. त्यांच्याकडे जाताना वही न्यावी.