प्रतिनिधींच्या घरांतील प्रतिनिधि

राज्य मिळविल्याच्या कथा इतिहासांत पुष्कळ आहेत. हातचें राज्य आपण होऊन सोडल्याच्या थोड्या. अशी एक कथा आपल्या सांगोले तालुक्यास लागून असलेल्या आटपाडी महालांत घडली. आटपाडी हा औंध संस्थानाचा एक भाग होता.

औंधचें राजघराणें पंतप्रतिनिधींचें. राजाराममहाराजांनीं जिंजीस प्रतिनिधिपद निर्माण केलें; पुढें तें परशुराम त्रिंबक यांच्या घराण्यांत स्थिर झालें. प्रतिनिधि म्हणजे दुसऱ्याच्या वतीनें बोलणारा. छत्रपतींची सत्ता गेली, इंग्रजांची आली, तरी पदवी राहिली. मग हा प्रतिनिधि कोणाचा?

ह्या प्रश्नाचें उत्तर भवानराव पंतप्रतिनिधींनीं १९३८ सालीं दिलें. प्रजेस जबाबदार राज्यपद्धति देण्याचें त्यांनीं जाहीर केलें व जानेवारी १९३९ मध्यें नवी घटना अमलांत आली. तिला महात्मा गांधींचें मार्गदर्शन होतें. ग्रामपंचायत हा तिचा पाया. मॉरिस फ्रिडमन ह्या पोलिश इंजिनियराचा ह्या कार्यांत मोठा वाटा होता. आटपाडीजवळील स्वतंत्रपूर ही कैद्यांची मुक्त वसाहत त्याच काळांतली. कोणी म्हणेल, संस्थानें जाणारच होतीं, त्यांत थोरवी कसली? पण त्याच सुमारास राजकोटच्या प्रजेस अशाच हक्कांसाठीं सत्याग्रह करावा लागत होता, हें विसरतां येत नाहीं.

भवानरावांचे चिरंजीव आप्पासाहेब यांचा जन्म १९१२ चा. ऑक्सफर्डला शिकून व बॅरिस्टर होऊन ते परतले आणि ह्या प्रयोगांत वडिलांचे उजवे हात झाले. सत्ता खालीं सोपवावयाची, तर आधीं खेडुताचें ऐकून घ्यावें लागतें, हा धडा त्यांस ह्या खेड्यांत मिळाला.

मार्च १९४८ मध्यें औंध मुंबई प्रांतांत विलीन झालें. त्याच वर्षीं पंडित नेहरूंनीं आप्पासाहेबांस पूर्व आफ्रिकेंत भारताचे कमिशनर म्हणून नैरोबीस धाडलें. तेथें जुनाच प्रश्न नव्या रूपानें उभा राहिला. आपण तेथील हिंदी व्यापाऱ्यांचे कैवारी, कीं स्वातंत्र्याच्या तत्त्वाचे? आफ्रिकन जनतेच्या आकांक्षांस आड येऊं नका, असें नेहरूंचें धोरण होतें, आणि आप्पासाहेबांनीं तें मनापासून चालविलें. जोमो केन्याटांशीं त्यांचा स्नेह जुळला. आफ्रिकन विद्यार्थ्यांस भारतांत शिष्यवृत्त्या मिळूं लागल्या. १९५२ सालीं केनियांत आणीबाणी पुकारली गेली. इंग्रज सरकारची त्यांजवर इतराजी झाली आणि १९५४ मध्यें त्यांनीं नैरोबी सोडली. त्याच वर्षीं भारतानें त्यांस पद्मश्री दिली.

१९५५ पासून १९६१ पर्यंत ते गंगटोकला होते. सिक्कीम, भूतान व तिबेट यांच्याशीं असलेला भारताचा व्यवहार त्यांच्या हातीं होता. १९५९ सालीं दलाई लामा भारतांत आले, तो हा काळ. पुढें इंडोनेशिया, नॉर्वे व इजिप्त येथें ते राजदूत झाले. १९६९ ते १९७२ ते लंडनला हायकमिशनर होते. जानेवारी १९७२ मध्यें पाकिस्तानच्या कैदेंतून सुटलेले शेख मुजीबुर रहमान प्रथम लंडनला पोंचले, तेव्हां तेथें भारताचे प्रतिनिधि आप्पासाहेबच होते. इटलींतील वकिलातीनंतर ते निवृत्त झाले व १९९२ सालीं निवर्तले.

परदेशीं वकील म्हणून जाणारास मान मिळतो तो आपल्या राष्ट्राचा. स्वतःचा म्हणून त्यानें तो मिरवूं नये. राजपुत्रास हें साधणें कठीण. ज्यानें घरचें सिंहासन प्रजेच्या स्वाधीन होतांना पाहिलें, किंबहुना त्यास हातभार लावला, त्यास तें सहज साधलें.